तिशीतली आई : रीमा लागू यांची कारकीर्द, एक प्रकरण अभ्यास

संजय दत्तचा जन्म २९ जुलै १९५९ चा. 'वास्तव'मध्ये त्याची आई झालेल्या रीमा लागू यांचा २१ जून १९५८ चा. म्हणजे आई लेकापेक्षा तेरा महिन्यांनी मोठी. सलमान खान त्यांच्याहून साडेसात वर्षांनी लहान, श्रीदेवी पाच वर्षांनी, माधुरी आणि जुही नऊ वर्षांनी. 'हम साथ साथ हैं'मध्ये त्यांचा थोरला सावत्र मुलगा झालेला मोहनीश बहल १९६१ चा, तीनच वर्षांनी धाकटा. रीमा लागूंवरच्या बहुतेक लेखांत ही आकडेमोड असते. वाचणारा हसतो, हळहळतो, आणि विषय तिथंच संपतो.

तो तिथं संपू नये असं मला वाटतं. मराठी रंगभूमीवर नायिकेच्या भूमिका गाजवणारी, तिशीही न ओलांडलेली अभिनेत्री हिंदी सिनेमात एकदम आई होते आणि तिथं पुढे बहुतांशी आईच राहते. त्याच काळात छोट्या पडद्यावर मात्र ती खट्याळ, भांडखोर सासू म्हणून आणि शेजाऱ्याला भुरळ घालणारी बायको म्हणून घराघरांत पोचते. बाई तीच, वर्षंही तीच. मग दोन पडद्यांवर दोन वेगळी माणसं का दिसली? सगळे वयाकडे बोट दाखवतात. मला वाटतं, बोट संहितेकडे दाखवायला हवं. कथेत निर्णय कोण घेतं हे पाहिलं की या कारकिर्दीचे चढउतार बरेचसे उलगडतात.

बँक आणि रंगमंच

मूळ नाव नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या अभिनेत्री, त्यामुळे नाटक घरातच होतं. पुण्याच्या हुजूरपागेत शिकत असतानाच अभिनयाची चुणूक दिसली. पुढे अभिनेते विवेक लागू यांच्याशी लग्न झालं आणि रीमा लागू हे नाव रूढ झालं.

रंगभूमीवर येतानाच त्यांची युनियन बँक ऑफ इंडियात नोकरी होती. हा तपशील चरित्रातली एक ओळ म्हणून वाचला जातो, पण त्या पिढीच्या मराठी नटांचं अर्थशास्त्र त्यात आहे. आंतरबँक नाट्यस्पर्धा तेव्हा जोरात होत्या. चांगला नट आपल्या बँकेत असणं ही त्या बँकेची प्रतिष्ठा असे. तालमीसाठी सवलत मिळे, महिन्याच्या महिन्याला पगार मिळे, आणि संध्याकाळ नाटकाला मोकळी राही. अशोक सराफ स्टेट बँकेत होते, शिवाजी साटम सेंट्रल बँकेत. 'वास्तव'मध्ये संजय दत्तचे आईवडील म्हणून जे दोघं दिसतात, ते दोघंही एकेकाळचे बँक कर्मचारी, ही मला नेहमी गंमतीची गोष्ट वाटत आली आहे. चाळीतल्या त्या जोडप्याच्या वावरण्यात महिनाअखेरची जी ओळखीची काळजी दिसते, ती कुठल्या कार्यशाळेत शिकवत नाहीत.

पगार सुरू असल्यामुळे वाटेल ती भूमिका पोटासाठी घेण्याची वेळ येत नसे. सत्तरच्या दशकाच्या अखेरीला आणि ऐंशीच्या सुरुवातीला रीमा जब्बार पटेलांच्या 'सिंहासन'मध्ये, गोविंद निहलानींच्या 'आक्रोश'मध्ये, श्याम बेनेगलांच्या 'कलयुग'मध्ये दिसल्या. भूमिका छोट्या होत्या, पण सोबत चांगली होती. खरी ओळख मात्र नाटकातली.

त्यातली दोन नाटकं या प्रकरणासाठी महत्त्वाची आहेत. जयवंत दळवींच्या 'पुरुष'मध्ये समोर नाना पाटेकरांचा गुलाबराव: सत्तेचा माज असलेला, बाईला वस्तू समजणारा पुढारी. रीमा लागूंची अंबिका शिक्षिका. तिच्यावर अत्याचार होतो, व्यवस्था हात वर करते, आणि शेवटी गुलाबरावला शिक्षा ती स्वतः देते. नानांसारखा वादळी नट समोर असताना अंबिकेनं बिचारी होऊन चालत नाही. ती बिचारी वाटली तर शेवटची कृती खोटी पडते. पहिल्या अंकापासून तिच्यात ती ताकद पेरत जावी लागते.

दुसरं 'सविता दामोदर परांजपे', शेखर ताम्हाणे यांचं. संसारी कुसुमच्या शरीराचा ताबा सविता नावाच्या मेलेल्या बाईनं घेतलेला. सिनेमात हे काम कॅमेरा, प्रकाश आणि ध्वनी मिळून अर्ध्याहून जास्त करून टाकतात. नाटकात नटीला प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत, त्याच साडीत, त्याच चेहऱ्यानिशी एका बाईची दुसरी बाई व्हावं लागतं. आवाज बदलायचा, नजर बदलायची, उभं राहण्याची ढब बदलायची, आणि परत यायचं. पंचवीस-तीस वर्षांनंतरही हे नाटक म्हटलं की आधी त्यांचं नाव निघे.

म्हणजे हिंदी सिनेमानं बोलावलं तेव्हा त्यांच्या गाठीशी दोन अशा भूमिका होत्या, ज्यांत सगळं नाटक त्यांच्या कृतीवर फिरत होतं. सिनेमानं यातलं काय उचललं?

१९८८ : जागा रिकामी होती

'कयामत से कयामत तक' एप्रिल १९८८ मध्ये लागला. रीमा लागू जुही चावलाची आई होत्या आणि वयाची तीस वर्षं अजून पूर्ण व्हायची होती. डिसेंबर १९८९ मध्ये 'मैंने प्यार किया' आला. त्यात त्या सलमानची आई, वय एकतीस. दोन्ही सिनेमे तुफान चालले आणि शिक्का बसला.

त्यांच्यावरच का बसला? माझ्या मते यात नशिबापेक्षा गणित जास्त आहे. अमिताभच्या पिढीला लागणारी आई निरूपा रॉय किंवा सुलोचनादीदींसारखी असे. पांढरं पातळ, खोकला, शिवणयंत्र, देवघर. ती आई गरिबीतून आलेली असे आणि तिच्या दुःखातून नायकाचा संताप जन्माला येई. ऐंशीच्या अखेरीला नायकच बदलला. आमिर आणि सलमान दोघंही १९६५ चे, विशी नुकतीच ओलांडलेले, कॉलेजातले किंवा कॉलेजातून नुकते बाहेर पडलेले. त्यांचं भांडण समाजाशी उरलं नव्हतं, बापाशी होतं, आणि तेही प्रेमावरून. अशा मुलाला साठीची आई शोभत नाही. त्याला चाळिशी-पंचेचाळिशीची, बंगल्यात राहणारी, चापूनचोपून साडी नेसलेली, मुलाशी थट्टामस्करी करणारी आई हवी. त्या वयाच्या ज्या नायिका होत्या, त्यांतल्या बऱ्याच लग्न करून बाहेर पडल्या होत्या किंवा आईच्या भूमिका घ्यायला अजून तयार नव्हत्या.

रंगभूमीवर मात्र अशा बायका होत्या. तिशीच्या, शिकलेल्या, शहरी, वय वाढवून दाखवण्याची सवय असलेल्या, पाठांतर पक्कं, सेटवर वेळेवर येणाऱ्या. रीमा लागूंच्या चेहऱ्यात गोडवा होता आणि आवाजात एक घरगुती ऊब. केसांत दोन पांढऱ्या बटा, थोडं भरलेलं अंग, पुढची जबाबदारी संवादफेकीवर. 'मैंने प्यार किया'मधली आई मुलाच्या मनातलं त्याच्याआधी ओळखते आणि नवऱ्यासमोर त्याची बाजू घेते. हिंदी सिनेमातल्या आईचं हे मैत्रिणीसारखं रूप प्रेक्षकांना नवं होतं. ते लोकप्रिय करण्यात रीमा लागूंचा वाटा मोठा आहे, आणि हे श्रेय त्यांना द्यायलाच हवं. शिक्का बसला हे खरं, पण तो साचा त्यांनीच घडवलेला होता.

तरुण नटीला आई करण्याची परंपरा जुनीच. राखी १९७६ च्या 'कभी कभी'त अमिताभची प्रेयसी होती आणि १९८२ च्या 'शक्ती'त आई. 'अग्निपथ'मध्ये अमिताभच्या आई झालेल्या रोहिणी हट्टंगडी त्याच्यापेक्षा वयानं बऱ्याच लहान. ललिता पवारांची वाट वेगळी होती. १९४२ मध्ये चित्रीकरणात थप्पड वर्मी लागली, चेहऱ्याला इजा झाली, डावा डोळा अधू झाला आणि नायिकेची कारकीर्द संपून चरित्र भूमिकांची सुरू झाली. तिथं अपघात होता. रीमा लागूंच्या बाबतीत कसलाच अपघात नाही. बाजाराला गरज होती, आणि त्या हजर होत्या.

एका बापाची गोष्ट

इथं एक पुरुष आणून उभा केला की प्रकरण जास्त स्पष्ट होतं.

अनुपम खेर 'सारांश'मध्ये, १९८४ साली, निवृत्त शिक्षक प्रधान झाले तेव्हा त्यांची तिशी उलटलेली नव्हती. तरुण नट, म्हाताऱ्याची भूमिका, टक्कल, चष्मा. हा पराक्रम मानला गेला आणि फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. त्याच सिनेमात त्यांच्या बायकोची, पार्वतीची, भूमिका रोहिणी हट्टंगडींनी केली होती. त्याही तरुणच, त्यांनीही वय तेवढंच वाढवलेलं. पण त्यांनी म्हातारी केली याचं कौतुक 'पराक्रम' म्हणून कुणी केल्याचं आठवत नाही. पुढे खेर 'कर्मा'त खलनायक झाले, मग विनोदी बाप, कारस्थानी मामा, भोळा काका, काय वाट्टेल ते. म्हातारपणाचा शिक्का त्यांच्यावरही बसला होता. त्यांना तो अडला नाही.

कारण हिंदी सिनेमातला बाप कथेला अडवतो. तो नाही म्हणतो, घराबाहेर काढतो, अट घालतो, शेवटी विरघळतो. त्याच्या हातात किल्ली असते, म्हणून लेखकाला त्याच्यासाठी प्रसंग लिहावे लागतात. आई त्या प्रसंगांत बाजूला उभी राहून दोघांकडे आळीपाळीनं बघते.

'हम आपके हैं कौन' याचा चोख नमुना आहे. ऑगस्ट १९९४. माधुरी आणि रेणुका शहाणेचे आईवडील कोण? रीमा लागू आणि अनुपम खेर, नवराबायको. खेरांना त्यात 'शोले'तल्या धर्मेंद्रची नक्कल करण्याचा खास प्रसंग मिळतो, प्रेक्षक हसून लोळतात. तितक्याच ताकदीच्या, विनोदाची उत्तम जाण असलेल्या अभिनेत्रीला काय मिळतं? पाहुण्यांची सरबराई, ओवाळणी, पाठवणीच्या वेळचे डोळ्यांतले पाणी, थोरली लेक गेल्यावरचा शोक. त्यांनी ते सगळं जीव ओतून केलं. या भूमिकेसाठी फिल्मफेअरचं नामांकनही मिळालं. 'मैंने प्यार किया', 'आशिकी', 'हम आपके हैं कौन' आणि 'वास्तव' अशी चार नामांकनं, आणि फिल्मफेअरची बाहुली, म्हणजे प्रत्यक्ष पुरस्कार, एकदाही हातात आली नाही. पुरस्कारांना किती महत्त्व द्यायचं ते ज्यानं त्यानं ठरवावं. पण नामांकन मिळावं आणि पुरस्कार मिळू नये, याचा अर्थ मला असा लागतो की काम सगळ्यांना दिसत होतं, फक्त भूमिकेला पुरेशी उंची नव्हती.

त्याच वर्षी, दुसऱ्या पडद्यावर

आता १९९४ सालाचंच दुसरं पान.

दूरदर्शनवर 'श्रीमान श्रीमती' सुरू झाली. संहिता मराठी नाटककार अशोक पाटोळे यांची. जतिन कनकिया केशव कुलकर्णी, रीमा लागू त्याची बायको कोकिला ऊर्फ कोकी. शेजारी नटी प्रेमा शालिनी म्हणजे अर्चना पूरण सिंग, आणि तिचा घर सांभाळणारा नवरा दिलरुबा म्हणजे राकेश बेदी. केशवला शेजारीण आवडते, दिलरुबाला कोकी. सगळ्या मालिकेचं इंजिन एवढंच. लक्षात घ्यायची गोष्ट ही की चित्रपटगृहात ज्या बाईला माधुरी आई म्हणत होती, तिच्यावर टीव्हीवर एक शेजारी लट्टू होता आणि प्रेक्षकांना ते मुळीच खटकत नव्हतं. म्हणजे 'प्रेक्षक स्वीकारणार नाही' हे निर्मात्यांचं लाडकं कारण त्याच वर्षी, त्याच प्रेक्षकासमोर, खोटं ठरत होतं.

कोकीचं काम वरवर सोपं दिसतं. बाकीचे तिघं जोरात खेळतात: कनकियांची घालमेल, बेदींचा लाडिकपणा, अर्चनाचा फिल्मी तोरा. कोकी सरळ आहे. विनोदात सरळ राहणाऱ्याचं काम सगळ्यात अवघड, कारण बाकीच्यांचे फटके त्याच्यावर आपटून परत यायचे असतात. ती मध्ये हलली तर विनोद सांडतो. रीमा लागू हलत नाहीत. केशवची थाप पकडली गेली की त्या लगेच बोलत नाहीत, अर्धा क्षण त्याच्याकडे नुसत्या बघतात. हशा तिथंच पिकतो, वाक्य नंतर येतं. मराठी नाटकाच्या प्रयोगांत मुरलेल्या नटांना हशासाठी जागा सोडण्याची सवय असते. इथं समोर प्रेक्षक नव्हता, तरी ती जागा बरोब्बर पडायची.

'तू तू मैं मैं'ही १९९४ चीच. सचिन पिळगावकरांचं दिग्दर्शन, सून राधा म्हणजे सुप्रिया, सासू देवकी म्हणजे रीमा लागू. आधी दूरदर्शनची डीडी मेट्रो वाहिनी, मग स्टार प्लस, आणि २००० पर्यंत मुक्काम. सुप्रिया त्यांच्यापेक्षा नऊ वर्षांनी लहान. खुद्द दिग्दर्शक सचिन रीमांपेक्षा वर्षभरानं मोठे. इथंही वय वाढवलेलंच होतं, केस पांढरे होते, नात्यानं त्या इथंही आईच होत्या. मग फरक कशात पडला?

फरक इथं पडला की दर आठवड्याला भांडण देवकी सुरू करायची. तिला काहीतरी हवं असायचं: मान, लक्ष, मुलाचं ऐकणं, सुनेची फजिती. त्यासाठी ती डाव टाकायची, तो फसायचा, मग ती रुसायची किंवा दुसरा डाव टाकायची. सूनही काही कमी नव्हती. लेखनानं दोघींना समान शस्त्रं दिली होती आणि त्यामुळे मालिकेत कुणी बिचारी नव्हती. अंबिका आणि सविता साकारलेल्या नटीला पडद्यावर पहिल्यांदाच पुरेसं इंधन मिळालं, तेही विनोदातून. सिनेमात तीन तासांत त्यांच्या वाट्याला मोजके प्रसंग यायचे. इथं दर आठवड्याच्या भागाचा निम्मा भार त्यांच्यावर असे, वर्षानुवर्षं.

पुष्कळ जण टीव्हीला सिनेमाचा धाकटा, गरीब भाऊ समजतात. रीमा लागूंच्या बाबतीत मला उलटं दिसतं. सिनेमानं त्यांना चेहरा दिला, टीव्हीनं अंगभर काम दिलं. आणि चरित्र अभिनेत्रीसाठी दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा दुर्मीळ असते.

ऑक्टोबर आणि नोव्हेंबर १९९९

आईच्या भूमिकेतच निर्णय आला तर काय होतं, हे पाहण्याची संधी पाच वर्षांनी आली, आणि तीही एका महिन्याच्या आत दोनदा.

७ ऑक्टोबर १९९९ ला महेश मांजरेकरांचा 'वास्तव' प्रदर्शित झाला. ५ नोव्हेंबरला सूरज बडजात्यांचा 'हम साथ साथ हैं'. दुसऱ्यातली ममता ही आधुनिक कैकेयी. मैत्रिणींच्या कानफुंकीला भुलून ती सावत्र मुलावर अविश्वास दाखवते आणि घर फुटतं. बडजात्यांच्या राजश्री या चित्रसंस्थेच्या गोडगोड जगात एवढी कडवट आई क्वचितच भेटते. ममता दुष्ट नाही, तिला मुलीच्या सासरी झालेल्या फाटाफुटीची भीती बसलेली आहे. ही भीती रीमा लागूंनी इतकी खरी केली की ममताचा राग यायच्या आधी तिची कीव येते. पश्चात्तापाचा भाग मात्र पटकथेनं घाईत उरकला, असं माझं मत.

'वास्तव'ची गोष्ट वेगळीच आहे. सिनेमा उघडतो तोच समुद्रकिनारी वर्षश्राद्धाच्या विधीवर. रघूचा लहानगा मुलगा विचारतो, हे कुणाचं? आणि आजी सांगू लागते. म्हणजे सगळा चित्रपट आईच्या तोंडून आलेला आहे. लोक ही गोष्ट विसरतात, कारण मधले दोन-अडीच तास संजय दत्तनं व्यापलेले आहेत. घरी येऊन गळ्यातलं सोनं दाखवत 'पचास तोला' म्हणणारा रघू सगळ्यांना तोंडपाठ आहे. पण तो प्रसंग चालतो त्याचं कारण ते चाळीतलं साधं घर आणि त्या सोन्याकडे बघणारी घरातली माणसं. पोराची श्रीमंती डोळ्यांत भरते आणि त्याच क्षणी ती कुठून आली हेही कळतं.

आणि शेवट. ज्यांच्यासाठी रघूनं माणसं मारली तेच आता त्याच्या जिवावर उठलेले, नशेनं आणि भीतीनं त्याचं पार चिपाड झालेलं. तो आईकडे येतो आणि यातून सोडव म्हणतो. पिस्तूल त्याचंच. गोळी ती झाडते.

पोटच्या पोराला गोळी घालणारी आई हिंदी सिनेमाला १९५७ च्या 'मदर इंडिया'पासून माहीत होती. तिथं आई गावाच्या अब्रूसाठी झाडते, न्याय म्हणून. 'वास्तव'मध्ये न्यायाचा प्रश्नच नाही. मुलाला आणखी त्रास होऊ नये एवढंच कारण आहे, आणि म्हणून ते साकारायला जास्त कठीण. न्यायाच्या आवेशात गोळी झाडताना नटाला आवेशाचा आधार असतो. इथं कसलाच आधार नाही. माया आणि खून एकाच चेहऱ्यावर एकाच वेळी दिसायला हवेत. दहा वर्षं ज्या चेहऱ्याला लोकांनी प्रेमळ आई म्हणूनच पाहिलं, त्याच चेहऱ्यानं हे केलं म्हणून धक्का दुप्पट बसला. शिक्क्याचाच उपयोग करून घेण्याची हुशारी मांजरेकरांनी दाखवली. आणि समोरचा मुलगा खऱ्या आयुष्यात तेरा महिन्यांनी धाकटा आहे हे सिनेमा पाहताना एकदाही मनात येत नाही. वय हा या प्रकरणाचा गाभा नाही असं मी म्हणतो, ते यावरून.

२००० नंतर

पुढचा भाग थोडक्यात उरकण्यासारखा आहे, आणि ते दुर्दैवाचं आहे. 'तू तू मैं मैं' २००० मध्ये संपली. त्याच वर्षी जुलैत स्टार प्लसवर 'क्योंकि सास भी कभी बहू थी' सुरू झाली आणि हिंदी टीव्हीचं सगळं रूप पालटलं. साप्ताहिक विनोदी मालिकेची जागा रोजच्या कौटुंबिक नाट्यानं घेतली. सासू-सून याच नात्यावर दोन्ही मालिका उभ्या, पण एकीत दोघी हसतखेळत भांडत होत्या, दुसरीच्या लाटेत आलेल्या मालिकांत सासू म्हणजे एकतर देवी नाहीतर डाकीण. रोज भाग काढायचा म्हणजे बारा-बारा तासांच्या शिफ्ट, आयत्या वेळी हातात पडणारे संवाद, आणि हशासाठी जागा सोडायला वेळ कुणाकडे? देवकीसारख्या भूमिकेला त्या कारखान्यात जागाच उरली नाही.

सिनेमात 'कल हो ना हो'सारख्या आया चालू राहिल्या. मराठीनं त्यांना जास्त दिलं. 'रेशमगाठ'साठी राज्य शासनाचा पुरस्कार मिळाला. गजेंद्र अहिरे यांच्या 'अनुमती'त त्या विक्रम गोखल्यांच्या नायकाची जुनी मैत्रीण होत्या. कुणाचीही आई नाही, कुणाची सासू नाही, उतारवयातली एक स्वतंत्र बाई. त्या मोजक्या प्रसंगांत त्या इतक्या मोकळ्या दिसतात की बाकीच्या वर्षांचा थोडा राग येतो. झी मराठीवरच्या 'तुझं माझं जमेना'त सासूच्या विनोदाकडे त्या परत आल्या.

शेवटची मालिका 'नामकरण', स्टार प्लसवरची. त्यात त्या दयावंती मेहता होत्या: घरावर हुकमत चालवणारी, कठोर आजी. प्रेमळ आईचा शिक्का इथं पुरता उलटा केलेला. १७ मे २०१७ च्या संध्याकाळपर्यंत त्यांनी चित्रीकरण केलं. रात्री छातीत दुखू लागलं, रुग्णालयात नेलं, आणि १८ मेच्या पहाटे हृदय बंद पडून त्या गेल्या. वय अठ्ठावन्न. बातम्यांत बहुतेक ठिकाणी शीर्षक एकाच अर्थाचं होतं: बॉलिवूडची आई गेली. मालिका दुसरी अभिनेत्री घेऊन पुढे चालू राहिली, दैनंदिन मालिकेत दुसरं काही होणं शक्यही नसतं.

त्यानंतर दोनेक महिन्यांनी नीना गुप्तांनी समाजमाध्यमावर उघडपणे लिहिलं की आपण मुंबईत राहतो, चांगल्या अभिनेत्री आहोत आणि चांगल्या भूमिकांच्या शोधात आहोत. नीना १९५९ च्या, रीमांपेक्षा वर्षभरानं धाकट्या. ऑक्टोबर २०१८ मध्ये 'बधाई हो' आला. त्यातली आई पन्नाशीत गरोदर राहते, मूल ठेवायचं ठरवते, आणि नवरा, मोठी मुलं, सासू, नातेवाईक सगळ्यांना त्या निर्णयाभोवती फिरावं लागतं. नीनांना समीक्षकांच्या पसंतीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा फिल्मफेअर मिळाला, सासू झालेल्या सुरेखा सिक्रींना राष्ट्रीय पुरस्कार. त्या घरातल्या सासू-सुनेचे प्रसंग लिहिणाऱ्यानं देवकी आणि राधा पाहिल्या होत्या की नाही कोण जाणे. पण साठीच्या उंबरठ्यावरच्या नटीला हातात निर्णय असलेली आई दिली तर काय होतं, हे हिंदी सिनेमाच्या लक्षात यायला २०१८ साल उजाडलं. डीडी मेट्रोच्या प्रेक्षकाला ते चोवीस वर्षं आधी ठाऊक होतं.